शब्द विकत घेणारा कवी

डोकं बाजूला ठेवून बघायचे सिनेमे वेगळे. या वेळचा दिग्दर्शक मात्र थोडा पेशन्स मागतो. थिओ अँजेलोपुलोस. नाव घेतानाच दम लागतो ना? त्याचे सिनेमेही तसेच, दमाचे. ‘द ट्रॅव्हलिंग प्लेयर्स’ (१९७५) जवळजवळ चार तासांचा आहे आणि शॉट्स साधारण ८०! त्यातली माणसं एकाच शॉटमध्ये चालता चालता एका वर्षातून दुसऱ्या वर्षात पोचतात.

थिओचा जन्म १९३५चा, अथेन्सचा. १९४४च्या डिसेंबरात शहरात यादवी पेटली आणि त्याच्या वडिलांना पकडून नेलं. नऊ वर्षांचा थिओ आईबरोबर प्रेतांमध्ये त्यांना शोधत फिरला. वडील पुढे परत आले, पण त्याच्या सिनेमातला शोध कधी संपला नाही. ‘लँडस्केप इन द मिस्ट’ (१९८८) मध्ये दोन भावंडं कधीही न पाहिलेल्या बापाला शोधायला जर्मनीच्या वाटेला लागतात. ‘युलिसिस गेझ’ (१९९५) मध्ये हार्वी कायटेल हरवलेल्या तीन जुन्या रिळांपायी युद्धात होरपळणाऱ्या सारायेव्होपर्यंत जातो.

आणि ‘इटर्निटी अँड अ डे’! १९९८ साली कानमध्ये ‘पाम दोर’ मिळवणारा. थेसालोनिकीतला म्हातारा लेखक अलेक्झांड्रोस (ब्रुनो गांझ, केवळ ग्रेट!) आजारी आहे, उद्या हॉस्पिटलमध्ये जायचंय. हातात एकच दिवस. त्यात भेटतो सिग्नलला गाड्यांच्या काचा पुसणारा एक अल्बानियन पोरगा. अलेक्झांड्रोस त्याला कवी दिओनिसिओस सोलोमोसची गोष्ट सांगतो. हा सोलोमोस खराखुरा. ग्रीसचं राष्ट्रगीत त्याच्याच १८२३च्या कवितेतून घेतलंय. पण शिक्षण सगळं इटलीत, त्यामुळे लिहायची सवय इटालियनची. मायदेशी आल्यावर स्वातंत्र्यावर कविता लिहायची, तर स्वतःच्याच भाषेत शब्द कमी! सिनेमातला सोलोमोस मग लोकांकडून शब्द पैसे देऊन विकत घेतो.

पोरगा हुशार. तोही लोकांमध्ये फिरून अलेक्झांड्रोससाठी शब्द आणायला लागतो आणि पैसे मागतो. त्यातला एक शब्द आहे ‘क्सेनितिस’, म्हणजे परका, सगळीकडेच परका. गंमत बघा, आयुष्यभर ग्रीक लिहिलेल्या माणसाला हा शब्द आणून देतो सीमेपलीकडून आलेला, कागदपत्रं नसलेला पोरगा. भाषा नेमकी कोणाची, हा प्रश्न थिओ एकही भाषण न ठोकता विचारतो.

२०१२च्या जानेवारीत पुढच्या सिनेमाचं शूटिंग चालू असताना रस्ता ओलांडताना मोटरसायकलने त्याला उडवलं. ‘द अदर सी’ अर्धाच राहिला.

सुरुवात ‘इटर्निटी’नेच करा. फोन सायलेंटवर टाका आणि पहिला अर्धा तास धीर धरा. एलेनी काराइंद्रूचं संगीत पुढचं सांभाळून घेतं. सिनेमा संपला की फोन पुन्हा ऑन करून घरी आजीला लावा. सोलोमोसला ज्यासाठी पैसे मोजावे लागले, ते तिच्याकडे फुकट मिळतं.