पडद्यावरचा वाघ आणि त्याचे कारागीर

२४ फेब्रुवारी २०१३ रोजी लॉस एंजेलिस येथे ‘लाइफ ऑफ पाय’ या चित्रपटाला दृश्यपरिणामांचे ऑस्कर पारितोषिक मिळाले. होडीतील तो वाघ बहुतांशी संगणकाने रेखाटलेला होता. तो ज्या ‘रिदम अँड ह्यूज’ संस्थेत घडला, तिने त्याच महिन्यात दिवाळखोरीचा अर्ज केला होता; समारंभाच्या वेळी सभागृहाबाहेर दृश्यपरिणाम कारागिरांची निदर्शने चालली होती. या संस्थेच्या शाखा मुंबई व हैदराबाद येथेही होत्या. तेव्हा हा प्रश्न परक्यांचा समजण्याचे कारण नाही.

वस्तुतः या विद्येचा जन्म बाजारात झालेला नाही. १९६३ मध्ये आयव्हन सदरलंड यांनी एमआयटीतील प्रबंधासाठी ‘स्केचपॅड’ रचले. प्रकाश-लेखणीने पडद्यावर रेघ ओढावी आणि यंत्राने ती ध्यानात ठेवावी, अशी त्याची करामत. पुढे युटा विद्यापीठात, अमेरिकन संरक्षण खात्याच्या पैशावर, वक्र पृष्ठभागांची आणि छायाप्रकाशाची गणिते सुटली. मार्टिन न्यूवेल यांनी १९७५ मध्ये घरातल्या चहाच्या किटलीचा आकार यंत्राला शिकविला. ती किटली आज जगभरच्या प्रयोगशाळांत आहे. तेथेच शिकलेल्या एडविन कॅटमुल यांच्या ‘पिक्सार’ने १९९५ मध्ये ‘टॉय स्टोरी’ हा संपूर्ण संगणकनिर्मित चित्रपट पूर्ण केला.

आरंभीची जोखीम, म्हणजे, करदात्याने उचलली. आजची जोखीम कारागीर उचलतो. दृश्यपरिणामांची कामे बहुधा ठोक रकमेच्या कराराने दिली जातात. दिग्दर्शकाने पाण्याचा रंग दहा वेळा बदलावयास सांगितला, तर त्याचा भुर्दंड बहुतेक वेळा संस्थेनेच सोसावयाचा. (आपल्याकडील गवंडीही असा सौदा पत्करणार नाही.) त्यात ब्रिटिश कोलंबियासारखी सरकारे करसवलती देऊन काम आपल्याकडे ओढतात आणि कामगाराला बिऱ्हाड हलवावे लागते.

यंत्र स्वस्त झाले की कलावंत मुक्त होतो, हे अर्धेच खरे. पॅरिसमध्ये व्हेरा मोल्नार १९६८ पासून संगणकाकरवी चौकोन काढून घेत होत्या; त्यांच्या डोक्यावर ना गिऱ्हाईक होते, ना मुदत. मुंबईत एकेका चौकटीतून नायकाच्या आकृतीची कड कोरणाऱ्या तरुणाजवळ त्याहून कितीतरी शक्तिमान यंत्र आहे. वेळ मात्र त्याचा स्वतःचा नाही. आता तर ती कड कोरण्याचे कामही कृत्रिम बुद्धिमत्तेकडे जाऊ लागले आहे.

महाराष्ट्र शासनाने २०२५ मध्ये या उद्योगासाठी धोरण मंजूर केले. सवलती द्यावयाच्याच असतील, तर प्रत्येक वाढीव फेरबदलाचे आणि जादा तासांचे पैसे लेखी करारात असणाऱ्या संस्थांनाच त्या द्याव्यात.