लग्न कोठें करावें?

आमच्या नागोठण्याच्या घरीं पुतणीचें लग्न ठरलें आहे. तरुण मंडळींचा ओढा अलिबागच्या समुद्रकांठच्या रिसॉर्टकडे. हल्लीं तशी चालच आहे. तेथें सर्व व्यवस्था आयती होते, हें खरें. परंतु आमच्या ८७ वर्षांच्या मातोश्री अंथरुणास खिळलेल्या. त्यांस तेथवर नेणें शक्य नाहीं. १९५५ च्या हिंदु विवाह कायद्याचें ७ वें कलम आम्हीं मुलांस वाचून दाखविलें : सप्तपदीचा विधि असेल तेथें सातवें पाऊल पडतांच विवाह पूर्ण होतो. सात पावलांस आमचें अंगण पुरेसें आहे. अंबा नदीचें पाणी चढण्यापूर्वीं, वैशाखांत, मांडव घालतां येईल. पाहुणे मात्र थोडेच बोलावतां येतील, कांहीं आप्त रुसतील. तें आम्हीं पत्करिलें. आजीची खाट ओटीवर आणावी, असें पुतणीच म्हणाली. वाचकहो, जागा ठरविण्यापूर्वीं घरांतील वडीलधाऱ्यांस प्रथम विचारावें, ही विनंति.