दिलेली अंडी वाया गेली का?

पालकहो, जुने व्हिडिओ गेम म्हणजे नुसती मारामारी नव्हे. 2003 साली गेम बॉय ॲडव्हान्सवर आलेला जपानी गेम 'हार्वेस्ट मून: फ्रेंड्स ऑफ मिनरल टाउन' घ्या. शेती करायची, गुरं सांभाळायची आणि गावातल्या एखाद्या मुलीशी लग्नही करायचं. शेतीचा भाग मला फार आवडतो. पेरलं की रोज पाणी घाला, वाट बघा.

पण प्रेमही तसंच पिकतं, तिथे माझी हरकत आहे! पोपुरीला रोज अंडं द्या, तिच्याशी बोला. बोलताना दिसणारं काळं हृदय हळूहळू लाल होतं. घर वाढवा, दुकानातलं निळं पीस द्या. हिशेब पुरा झाला की ती 'हो' म्हणतेच. आवडनिवड ओळखणं, विचारपूस करणं चांगलंच. पण एवढं करूनही समोरची व्यक्ती 'नाही' म्हणू शकते, हे त्या हिशेबात बसत नाही. (आपले सिनेमेही यात मागे नाहीत म्हणा.) मग आठवी-नववीतला मुलगा खऱ्या नकारावर चिडतो, "एवढं केलं तिच्यासाठी!"

गेम हिसकावून घेऊ नका, शेजारी बसा. नायकाने मागणी घातली नाही तर त्याच गावात पोपुरीचं लग्न दुसऱ्याशीही होऊ शकतं. तेव्हा मुलाला विचारा, "मग तू दिलेली अंडी वाया गेली का रे?"