फाइलीचे नाव हाही पुरावाच

१/ जुन्या मराठी ग्रंथांचे स्कॅन जमवणाऱ्यांत एक वाईट रिवाज रूढ झाला आहे. झिप उघडली आणि नावांच्या जागी अगम्य चिन्हे दिसली, की ‘फाइल करप्ट’ असा निवाडा द्यायचा आणि ‘बखर १’, ‘बखर २’ अशी नवी नावे ठोकून मोकळे व्हायचे. हा निवाडा चुकीचा आहे; हे नामकरण तर पुराव्याचा नाशच.

२/ ग्रंथाचे वर्ष, आवृत्ती, रुमालाचा क्रमांक ही नोंद पुष्कळदा फाइलीच्या नावातच असते. मुखपृष्ठ फाटलेले असेल, तर अन्यत्र कोठेही नसते. कागद कोणाच्या दप्तरातला हे न सांगता तो छापणाऱ्यावर हीच मंडळी तुटून पडतात!

३/ वस्तुतः नाव नष्ट झालेलेच नसते. केवळ बालबोध जाणणाऱ्याने मोडीच्या पानाला ‘गिरगोटे’ म्हणावे, तसा हा प्रकार. १९९२ साली आकाराला आलेल्या यूटीएफ-८ मध्ये देवनागरीचे प्रत्येक चिन्ह तीन बाइटांचे असते. पहिला नेहमी ‘ई०’, दुसरा ‘ए४’ किंवा ‘ए५’. झिपचा मूळ संकेत मात्र आयबीएमच्या ४३७ क्रमांकाच्या कोष्टकाचा. त्यात ‘ई०’ म्हणजे ग्रीक अल्फा, आणि ‘ए४’, ‘ए५’ म्हणजे माथ्यावर नागमोडी रेघ असलेला स्पॅनिश एन, लहान व मोठा. ही जोडी पुनःपुन्हा दिसली, की दोष झिपचा. आघातचिन्हांकित रोमन ‘ए’मागे चलनाचे किंवा येनचे चिन्ह दिसले, तर दोष विंडोज-१२५२ कोष्टकाचा. वळणावरून लेखनिक ओळखण्यासारखेच हे आहे.

४/ उपाय टर्मिनलमध्ये आहे. प्रथम ‘एलएस’ची यादी वेगळ्या फाइलीत उतरवावी. मग एक नाव ‘आयकॉन्व्ह’ने यूटीएफ-८ मधून ४३७ मध्ये उलटे फिरवावे, मूळ बाइट परततात आणि देवनागरी वाचता येते. खात्री पटल्यावर सबंध फोल्डरसाठी ‘कन्व्हएमव्ही’. हे अवजार ‘नोटेस्ट’ असे स्पष्ट सांगेपर्यंत एकही नाव बदलत नाही, काय बदलेल एवढेच दाखवते. हा विवेक उत्साही संग्राहकांत दुर्मीळ.

५/ ४३७च्या कोष्टकात एकही जागा रिकामी नाही, म्हणून झिपचा घोटाळा सहसा पूर्ण सुटतो. विंडोज-१२५२ मध्ये मात्र पाच जागा रिकाम्या, आणि हलन्त, ह्रस्व उकार, झ, ए, ऐ यांचे शेवटचे बाइट नेमके तेथेच पडतात. तेथे प्रश्नचिन्ह बसले असेल, तर ‘पुणे’तला उकार त्या नावातून परत येणार नाही. कसर लागलेल्या पानातील अक्षर संपादक चौकोनी कंसात भरतो, तसे ते भरावे. बिघडलेले मूळ नाव शेजारी जपून.