एका थपडेचे श्रेय

ललिता पवार यांच्या कारकिर्दीची एक कथा पिढ्यान्‌पिढ्या सांगितली जाते. १९४२ साली ‘जंग-ए-आझादी’च्या चित्रीकरणात सहकलाकार भगवानदादांची थप्पड फार जोरात बसली, चेहऱ्याला अर्धांगवायू झाला, डावा डोळा कायमचा बारीक झाला आणि त्यातून हिंदी पडद्याची खाष्ट सासू जन्माला आली. अपघात खरा, भोगलेले हालही खरे. त्यावरून काढलेला निष्कर्ष मात्र टिकत नाही.

येवल्याच्या या अभिनेत्रीने मूकपटांच्या काळात, बालवयातच काम सुरू केले होते. १९३२ चा ‘कैलाश’ आणि १९३८ चा ‘दुनिया क्या है’ यांच्या निर्मितीतही त्यांचा वाटा होता. म्हणजे थप्पड बसली ती चांगल्या मुरलेल्या नटीला. १९४४ मध्ये तर प्रभातच्या ‘रामशास्त्री’त त्या आनंदीबाई म्हणून उभ्या राहिल्या.

अपघात झाला नसता तर त्या नायिकाच राहिल्या असत्या, असे म्हणणाऱ्यांनी लीला चिटणीसांकडे पाहावे. १९३९ च्या ‘कंगन’मध्ये त्या अशोककुमारांच्या नायिका होत्या, १९५१ च्या ‘आवारा’त राज कपूरची आई झाल्या. अशोककुमार मात्र १९५८ च्या ‘हावडा ब्रिज’मध्ये मधुबालाचे नायक! लीलाबाईंना कोणी थप्पड मारली नव्हती. नायिकेला आई करून टाकणे ही धंद्याची रीतच होती. अपघाताने ललिताबाईंची ती वेळ अलीकडे आणली, इतकेच.

राहिला डोळा. व्ही. शांताराम यांच्या ‘दहेज’मधील (१९५०) सासूचा दरारा त्या डोळ्यात आहे, असे मानले तर ‘अनाडी’चे (१९५९) काय करायचे? तिथे तोच डोळा मिसेस डिसा या घरमालकिणीचा आहे. ही बाई तोंडाने भाडेकरूला फाडून खाते आणि गुपचूप त्याची काळजी वाहते. खेकसण्याच्या शेवटी आवाज किंचित खाली आणून ललिताबाई माया दाखवतात. रागाचा सूर मात्र सोडत नाहीत. भेसळीच्या औषधाने मिसेस डिसा मरते आणि त्या मृत्यूचा आळ नायकावर येतो, तेव्हाच चित्रपट खऱ्या अर्थाने पेटतो. कथेचा एवढा भार ज्या भूमिकेवर आहे, तिला ‘सहायक’ म्हणणे ही केवळ पुरस्कारांची सोय. त्या वर्गातला फिल्मफेअर ललिताबाईंना याच भूमिकेसाठी मिळाला.

त्यांनी एकच साचा गिरवला, हा आरोपही अर्धवट आहे. सासवा पुष्कळ केल्या, हे खरे. निर्माते तेच मागत होते. पण ‘श्री ४२०’मधली केळेवाली आणि ‘आनंद’मधली मेट्रन त्या साच्यात बसत नाहीत. मंथरा मात्र त्यांनी दोनदा केली: १९६१ च्या ‘संपूर्ण रामायण’मध्ये आणि सत्तरी ओलांडल्यावर, १९८७ मध्ये सुरू झालेल्या रामानंद सागर यांच्या दूरदर्शन मालिकेत.