फाशीचा निकाल आणि न्यायाधीशांचा विवेक

महाराष्ट्रात ५ जून २००३ च्या रात्री शेतातील एका झोपडीवर दरोडा पडला. पाच जणांची हत्या झाली, स्त्रियांवर अत्याचार झाले. या प्रकरणी भटक्या जमातीतील सहा मजुरांना अटक करण्यात आली. सत्र न्यायालयाने २००६ मध्ये सहाही जणांना फाशी सुनावली. पुढील वर्षी मुंबई उच्च न्यायालयाने त्यांतील तिघांची फाशी कायम ठेवून उरलेल्या तिघांना जन्मठेप दिली. सर्वोच्च न्यायालयाने ३० एप्रिल २००९ रोजी पुन्हा सहाही जणांना फाशीच योग्य ठरविली. आणि त्याच सर्वोच्च न्यायालयाच्या तीन न्यायमूर्तींच्या खंडपीठाने ५ मार्च २०१९ रोजी या सहाही जणांची निर्दोष मुक्तता केली.

मधल्या दहा वर्षांत नवा साक्षीदार पुढे आला होता, असे नाही. ज्या कागदाने खटल्याचा रंग पालटला तो पहिल्या दिवसापासून प्रकरणातच होता. हल्ल्यातून वाचलेल्या प्रत्यक्षदर्शी महिलेने घटनेनंतर दोनच दिवसांनी पोलिसांकडील छायाचित्रांतून चार वेगळ्याच व्यक्तींना ओळखले होते. त्या चौघांचा तपास झालाच नाही. तीन न्यायालयांच्या नजरेखालून गेलेल्या या कागदाला जे महत्त्व मिळायला हवे होते, ते सोळा वर्षांनी मिळाले. न्यायालयाने प्रत्येकाला पाच लाख रुपये भरपाई देण्याचा आदेश राज्य सरकारला दिला. सहांपैकी एकजण घटनेच्या वेळी अल्पवयीन होता, हेही दरम्यान निष्पन्न झाले होते.

न्यायाधीश निर्णय कसा घेतात, या प्रश्नाचे ठरलेले उत्तर असे, की ते पुरावा पाहतात, कायदा लावतात आणि निकाल देतात. बहुतांश दिवाणी व फौजदारी प्रकरणांत ते खरेही आहे. परंतु शिक्षा ठरविताना, विशेषतः फाशी की जन्मठेप हे ठरविताना, कायदा न्यायाधीशाला एका टप्प्यापर्यंतच हात धरून नेतो. पुढची वाट त्याला स्वतःच्या विवेकाने चालावी लागते. हा विवेक कशाच्या आधारावर वापरला जातो, हाच खरा प्रश्न आहे.

कायद्याचा प्रवास पाहिला तर त्याचा कल स्पष्ट दिसतो. ब्रिटिशकालीन फौजदारी प्रक्रिया संहितेनुसार खुनासाठी फाशी न दिल्यास न्यायाधीशाला कारण नोंदवावे लागे. १९५५ च्या दुरुस्तीने ही अट गेली. १९७३ च्या संहितेने तर क्रम पूर्ण उलटा केला. जन्मठेप हा नियम झाला आणि फाशी द्यायची असल्यास ‘विशेष कारणे’ देणे बंधनकारक झाले. २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेतही ही अट कायम आहे. विशेष कारणे म्हणजे नेमके काय, याचे उत्तर सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने मे १९८० मध्ये बच्चनसिंग प्रकरणात दिले. ‘दुर्मिळातील दुर्मीळ’ हा शब्दप्रयोग तेथून आला. त्या निकालानुसार केवळ गुन्हा क्रूर असून भागत नाही. गुन्हेगाराचाही विचार करावा लागतो, तो सुधारण्याची शक्यता तपासावी लागते आणि जन्मठेपेचा पर्याय निःसंशय बाद झाला असेल तरच फाशीकडे वळावे लागते. न्या. भगवती यांनी मात्र वेगळे मत नोंदविले. इतका मोठा निर्णय न्यायाधीशाच्या व्यक्तिगत कलावर सोडला, तर शिक्षा मनमानी होईल, हा त्यांचा आक्षेप होता.

या आक्षेपाची प्रचीती आणून देणारे प्रकरण लवकरच न्यायालयासमोर आले. उत्तर प्रदेशातील एका हत्याकांडात तीन आरोपींचा सहभाग सारखाच होता आणि तिघांनाही फाशी झाली होती. त्यांचे अर्ज वेगवेगळ्या वेळी, वेगवेगळ्या खंडपीठांपुढे आले. एकाचा फेटाळला गेला आणि ऑक्टोबर १९८१ मध्ये तो फासावर गेला. दुसऱ्याची शिक्षा जन्मठेपेत बदलली गेली होती. तिसऱ्याची फाशी अखेरच्या क्षणी थांबली आणि सरन्यायाधीश यशवंतराव चंद्रचूड यांच्या खंडपीठाने १९८२ मध्ये त्याची शिक्षा कमी करण्याची शिफारस राष्ट्रपतींकडे केली. गुन्हा एक, पुरावा एक. पण कोणाचा अर्ज कोणत्या खंडपीठापुढे लागला, यावर एकाचे मरण आणि दोघांचे जगणे ठरले. पुढे २००७ मध्ये बंगळूर येथील एका खून प्रकरणात एकाच खंडपीठावरील दोन न्यायमूर्तींमध्ये मतभेद झाले. आरोपी दोषी आहे यावर दोघांचे एकमत होते. परंतु न्या. सिन्हा यांना जन्मठेप पुरेशी वाटली, तर न्या. काटजू यांना फाशीच योग्य वाटली.

असे मतभेद होणे यात गैर काही नाही. न्यायाधीश ही माणसेच आहेत आणि दोन विवेकी माणसांची मते भिन्न असू शकतात. चिंता वाटावी अशी गोष्ट निराळी आहे. बच्चनसिंग निकालाने गुन्हा आणि गुन्हेगार असे दोन्ही पाहायला सांगितले. मात्र त्यानंतर तीनच वर्षांनी माच्छीसिंग प्रकरणात न्यायालयाने फाशीयोग्य गुन्ह्यांचे पाच प्रकार सांगितले. त्यांचा भर मुख्यतः गुन्ह्यावर होता. समाजाची सामूहिक सदसद्विवेकबुद्धी हादरली असेल, तर तो न्यायालयाकडून फाशीची अपेक्षा करील, हा विचारही तेथेच मांडला गेला. राजस्थानातील रावजी प्रकरणात न्यायालय याही पुढे गेले. शिक्षा ठरविताना गुन्हेगार नव्हे, तर गुन्ह्याचे स्वरूप महत्त्वाचे, असे त्यात म्हटले गेले. घटनापीठाच्या निकालाशी ही भूमिका उघड विसंगत होती. तरीही पुढील अनेक निकालांत तिचा आधार घेण्यात आला.

ही चूक न्यायालयानेच मान्य केली, हे नमूद केले पाहिजे. या सहा जणांना फाशी सुनावल्यानंतर दोनच आठवड्यांनी, मे २००९ मध्ये, महाराष्ट्रातीलच बरियार प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने रावजी निकाल आणि त्यावर विसंबलेले निकाल बच्चनसिंग निकालाकडे दुर्लक्ष करून दिले गेल्याचे स्पष्ट केले. लोकमत हा शिक्षेचा वस्तुनिष्ठ निकष होऊ शकत नाही, असेही बजावले. पण तोवर रावजीला १९९६ मध्ये फाशी झाली होती. २०१२ मध्ये चौदा निवृत्त न्यायाधीशांनी राष्ट्रपतींना पत्र लिहून अशा चुकीच्या आधारावर फाशी झालेल्या तेरा कैद्यांची शिक्षा कमी करण्याची विनंती केली. त्यांत या सहा जणांच्या प्रकरणातील आरोपीही होते. हे पत्र शिक्षेपुरते होते. ती माणसे मुळात दोषी ठरण्याजोगा पुरावाच नव्हता, हे सर्वोच्च न्यायालय म्हणण्यास आणखी सात वर्षे जावी लागली.

समाजमन हादरणे स्वाभाविक आहे. २००३ च्या त्या घटनेने ते हादरले नसते तरच नवल. परंतु न्यायाधीशाने समाजमन कोठे पाहायचे? त्याची साक्ष होत नाही आणि उलटतपासणीही होत नाही. वृत्तपत्रांचे मथळे, मोर्चे आणि वाहिन्यांवरील चर्चा यांतून त्याचा अंदाजच बांधावा लागतो. गुन्हा जितका भीषण तितकी कोणीतरी पकडले गेल्याची आणि शिक्षा झाल्याची घाई अधिक. अशा घाईत पुराव्यातील विसंगती डोळ्यांआड होण्याचा धोका सर्वाधिक असतो आणि बहुधा गरीब, वकील न परवडणारा आरोपीच तिचा बळी ठरतो. यात पीडित कुटुंबाचेही भले होत नाही. सहा निरपराध तुरुंगात असताना खरे हल्लेखोर मोकळे राहिले, हा त्या कुटुंबावर झालेला दुसरा अन्याय होय.

मग उपाय काय? विवेकाधिकार काढून घेणे हा नव्हे. ठरावीक गुन्ह्याला सक्तीची फाशी सांगणारे दंडविधानातील कलम ३०३ सर्वोच्च न्यायालयाने १९८३ मध्येच घटनाबाह्य ठरविले. मे २०२२ मध्ये न्या. लळित, न्या. भट आणि न्या. त्रिवेदी यांच्या खंडपीठाने मनोज प्रकरणात सुचविलेला मार्ग अधिक व्यवहार्य वाटतो. आरोपीची कौटुंबिक पार्श्वभूमी, मानसिक स्थिती, तुरुंगातील वर्तन यांविषयीची माहिती सत्र न्यायालयाच्या टप्प्यावरच जमा झाली पाहिजे आणि ती शासनानेही सादर केली पाहिजे, असे हा निकाल सांगतो. नागपूरमधील एका प्रकरणात दयेचा अर्जही फेटाळला गेला होता. तरी ही पद्धत पाळली गेली नाही म्हणून ऑगस्ट २०२५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने दोषसिद्धी कायम ठेवून शिक्षेपुरती नव्याने सुनावणी घेण्यास सांगितले. काहींना हा अतिरेक वाटेल. परंतु जी शिक्षा अमलात आल्यावर दुरुस्त करता येत नाही, तिच्याबाबत आधीच थांबून पाहण्यास पर्याय नाही.

न्यायाधीशाने निकालासोबत कारणे लिहिण्याची प्रथा केवळ औपचारिक नाही. कारणे लिहिली, की ती वरच्या न्यायालयाला, पुढच्या खंडपीठाला आणि नागरिकालाही तपासता येतात. रावजी निकालातील चूक उघड झाली, कारण ती लिहिलेली होती. ते सहा जण सुटले, कारण तो जुना कागद प्रकरणात टिकून होता आणि अखेर कोणीतरी तो शांतपणे वाचला. लोकांनी न्यायालयाकडून कठोरपणाची अपेक्षा जरूर ठेवावी. पण हे वाचन लवकर, शक्यतो पहिल्याच न्यायालयात, व्हावे ही अपेक्षा त्याहून अधिक आग्रहाने धरावी.