नामावलीतील रचनातत्त्व

देवीच्या सहस्रनामांमध्ये ललितासहस्रनामाचे स्थान विशेष मानले जाते. ब्रह्मांडपुराणाशी जोडलेले हे स्तोत्र हयग्रीव आणि अगस्त्य यांच्या संवादातून येते आणि वशिनी आदी आठ वाग्देवतांनी, म्हणजे वाणीच्या अधिष्ठात्री देवतांनी, ते रचले, अशी श्रद्धा आहे. ‘श्रीमाता’ या नामाने आरंभ होऊन ‘ललिताम्बिका’ या नामाशी ते विसावते. मध्यंतरी देवीचे केशांपासून चरणांपर्यंतचे रूपवर्णन, भंडासुराचा वध आणि कुंडलिनीचा, म्हणजे देहात सुप्त मानलेल्या शक्तीचा, विचार क्रमाने येत असल्याने ही केवळ विशेषणांची यादी न राहता एका दर्शनाची मांडणी ठरते. एकही नाम पुन्हा येत नाही आणि पादपूरणासाठी, म्हणजे केवळ छंद सांभाळण्यासाठी, ‘च’ किंवा ‘तु’ यांसारखी अव्यये वापरलेली नाहीत, असे परंपरा अभिमानाने सांगते. श्लोकरूपाने होते ते पारायण. तीच नामे चतुर्थी विभक्तीत घालून पुढे ‘नमः’ जोडले की नामावली सिद्ध होते आणि प्रत्येक नामासरशी चिमूटभर कुंकू वाहिले की ते कुंकुमार्चन होते. अठराव्या शतकात, तंजावरच्या भोसल्यांच्या राजवटीत कावेरीकाठी स्थिरावलेल्या भास्कररायांनी ‘सौभाग्यभास्कर’ या भाष्यात एकेका नामाचे अनेक अर्थ उलगडले, आणि जप हा पुनरावृत्तीइतकाच अर्थचिंतनाचाही व्यापार आहे, हे दाखवून दिले.